संकलन सहाय्य : येलिझावेता स्विलोवा



वस्तीतल्या आपल्या खोलीवर पत्रे आहेत. पावसाळ्यात ते वाजायला लागले की शेजारी बसलेलीचं बोलणंही ऐकू येत नाही. मागे एकदा असाच एक चांगला चित्रपट दाखवायला घेतला आणि त्यातले संवाद कुणालाच कळले नाहीत. तेव्हा एका मैत्रिणीने वैतागून म्हटलं, "यापेक्षा मुका सिनेमा लावला असता तर बरं!" आम्ही ते मनावर घेतलं. गेल्या पावसाळ्यात शनिवारच्या बैठकीला १९२९ सालचा एक सोविएत मूकपट लावला. ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ हे त्याचं इंग्रजी नाव, दिग्दर्शक झिगा व्हेर्तोव्ह. त्यात गोष्ट नाही, नट-नट्या नाहीत. इतर मूकपटांत मधूनमधून लेखी पाट्या येतात, त्याही नाहीत. त्यामुळे वाचता येणाऱ्या आणि न येणाऱ्या अशा दोन रांगा त्या दिवशी खोलीत पडल्या नाहीत.

एक शहर सकाळी जागं होतं, कामाला लागतं आणि संध्याकाळी मजा करतं, एवढाच चित्रपटाचा विषय. खरं तर ते एक शहर नाहीच. कीव्ह, खार्किव्ह, ओडेसा, मॉस्को अशा ठिकाणची दृश्यं जोडून ते तयार केलेलं आहे. आपल्या बायका सुरुवातीला चुळबुळत होत्या, पण लवकरच रमल्या. एका सरकारी कचेरीत एक जोडपं लग्नाची नोंद करतं आणि पाठोपाठ दुसरं जोडपं घटस्फोटाची. ते बघून दोघी-तिघी एकदमच म्हणाल्या, "एवढ्यात झालं?" चित्रपट तिथेच थांबवला असता तर उरलेला दिवस त्या एका प्रश्नावर गेला असता. बाळंतपणाचं दृश्य आलं तेव्हा मात्र सगळ्या गप्प होत्या.

एके ठिकाणी एक घोडागाडी धावत असते. धावता धावता घोडा एकदम थांबतो. म्हणजे पाय हवेत तसेच, मान तशीच, चित्र गोठलेलं. मग गाडीतल्या बायकांचे चेहरे गोठतात, रस्त्यावरची गर्दी गोठते. नंतर दिसते ती फिल्मची पट्टी, कडेला भोकं असलेली, आणि तिच्यावर एका मुलाचा चेहरा, एकाखाली एक, पुन्हा पुन्हा. मग एक बाई दिसते. टेबलाशी बसलेली. मागे फळीवर चिठ्ठ्या लावलेली रिळं. ती पट्टी उजेडासमोर धरून बघते, कापते, चिठ्ठी लावते, गुंडाळते. आणि मघाशी पट्टीवर गोठलेले चेहरे पुन्हा हसायला, हलायला लागतात.

"ही कोण?" मागून प्रश्न आला.

पुढे काही मिनिटांनी तेच काम पुन्हा येतं, पण इतर कामांत मिसळून. केस धुणारे हात, दाढी करणारे हात, नखं घासणारे हात, सुईने शिवणारे हात, शिवणयंत्र चालवणारे हात, आणि त्यांच्यातच फिल्मचं टोक खरवडून त्याला ब्रशने चिकटद्रव्य लावणारे हात. आपल्याकडे तयार कपड्यांचे धागे कापायचं काम घरी आणणारी एक बाई आहे. ती पुढे सरकून बसली आणि तिने अगदी तिच्या धंद्यातला प्रश्न विचारला, "ताई, ही पीसवर काम करते का पगारावर?"

मला उत्तर माहीत नव्हतं. चित्रपट कुणाचा, तो का गाजला, हे मी सांगू शकत होते. त्यात काम करताना दिसणाऱ्या त्या एकमेव संकलक बाईबद्दल मला नावापलीकडे काही सांगता येत नव्हतं. नावही मी सुरुवातीच्या श्रेयनामावलीतून उचललेलं. त्या नामावलीत व्हेर्तोव्हच्या नावामागे ‘लेखक आणि प्रयोगाचा प्रमुख’ असं बिरुद आहे, मिखाईल कॉफमन हा ‘मुख्य कॅमेरामन’ आहे आणि येलिझावेता स्विलोवा ‘संकलन सहाय्यक’.

त्या ‘सहाय्यक’ शब्दामुळे हे संपादकीय लिहीत आहे. त्याला कारण मीही आहे, पण ते नंतर सांगते.

येलिझावेता स्विलोवा १९०० साली मॉस्कोत एका रेल्वे कामगाराच्या घरी जन्मली. बाराव्या वर्षी ती फिल्म धुण्या-तपासण्याच्या प्रयोगशाळेत उमेदवारीला लागली. काम काय, तर फिल्म पुसून साफ करायची, निगेटिव्ह आणि पॉझिटिव्ह पट्ट्या निवडून वेगळ्या करायच्या. चौदाव्या वर्षी ती पाते या फ्रेंच कंपनीच्या मॉस्कोतल्या शाखेत गेली आणि तिथे १९१८ पर्यंत फिल्म कापायचं व छापायचं काम करत होती. म्हणजे झारचं राज्य गेलं, क्रांती झाली, तेव्हा ही सतरा वर्षांची मुलगी या कामात पाच वर्षं मुरलेली होती. पुढे नव्या सरकारच्या शिक्षण खात्याच्या चित्रपट विभागात आणि १९२२ पासून गोस्किनो या सरकारी चित्रपटसंस्थेत तिने काम केलं. तेव्हा त्या शनिवारच्या प्रश्नाचं उत्तर असं : पगारावर. पण तिने शाळेत असायला हवं होतं त्या वयापासून.

या कामात मुलीच का घेत असत, हे समजून घेण्यासारखं आहे. युरोपातल्या चित्रपटधंद्यात सुरुवातीपासून फिल्म जोडायचं, रंगवायचं, तपासायचं काम बायकांकडे होतं. पॅरिसमध्ये एलिझाबेथ थ्युलिए नावाच्या बाईंच्या कारखान्यात दोनशेच्या वर बायका फिल्मच्या चौकटी हाताने रंगवत. एकीने एकच रंग लावायचा, मग पट्टी पुढचीकडे जायची. जॉर्ज मेलिएसच्या ज्या जादूच्या चित्रपटांचं इतकं कौतुक होतं त्यांचे रंग या कारखान्यातले. जोडकाम तर शिवणकामाचंच भावंडं मानलं गेलं. बायकांची बोटं चपळ, नजर बारीक, चिकाटी दांडगी, आणि मजुरी कमी, अशी ती समजूत. पहिल्या तीन गोष्टी निसर्गाने दिलेल्या म्हणायच्या आणि त्यांच्या जोरावर चौथी ठरवायची. रशियन भाषेत हे काम करणारीला स्त्रीलिंगी शब्दच होते, जोडणारी, चिकटवणारी अशा अर्थाचे. आपल्याकडे ‘मोलकरीण’ शब्दाला जसा पुल्लिंगी जोडीदार सहज आठवत नाही, तसंच काहीसं.

आपल्या वाचकांना इथे सरस्वतीबाई फाळके आठवल्या असतील. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ चा. त्याच्या कोऱ्या फिल्मला अंधारात बसून कडेची भोकं पाडणं, फिल्म धुणं ही कामं सरस्वतीबाई शिकल्या आणि त्यांनी ती केली. शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. मॉस्कोतल्या मुलीचा आणि त्यांचा एकमेकींशी काही संबंध नाही. पण १९१३ च्या आसपास स्विलोवा फिल्म पुसायला बसत होती त्याच सुमारास दादरला दुसरी एक बाई अंधाऱ्या खोलीत फिल्मला भोकं पाडत होती, एवढं लक्षात ठेवून पुढे जाऊ.

शिवणकामाशी केलेली ही तुलना अपमानाची आहे असं मी म्हणत नाही. शिवण हे डोक्याचं काम आहे. कापड बेतणारी बाई कापण्याआधी अख्खा झगा डोळ्यांपुढे आणते, उरलेल्या तुकड्यातून बाही निघेल की नाही हे ठरवते. अडचण अशी की शिवणाऱ्या बाईचंही डोकं कुणी मोजत नव्हतं. म्हणून फिल्म जोडणारीचंही मोजलं गेलं नाही. दोन कामं एका पंगतीला बसवली, पण दोन्हींना वाढपी आलाच नाही.

क्रांतीनंतरच्या काही वर्षांत सोविएत देशात कोऱ्या फिल्मची भयंकर टंचाई होती. व्हेर्तोव्ह हा तेव्हा वार्तापट करणारा तरुण होता. नटांचे, गोष्टींचे चित्रपट त्याला खोटे वाटत. रस्त्यावरचं, कारखान्यातलं जगणं टिपायचं आणि ते तुकडे अशा रीतीने जोडायचे की डोळ्यांना एरवी दिसत नाही ते दिसावं, हा त्याचा ध्यास. त्यासाठी त्याला अगदी छोटे तुकडे जोडून हवे असत, काही चौकटींचे. एक आठवण सांगितली जाते ती अशी. त्याने दिलेले असे बारके तुकडे जोडखात्यातल्या बायकांनी कचरा समजून टाकून दिले. इतके लहान तुकडे कुणी जोडतं हे त्यांना माहीतच नव्हतं. तो हताश झाला. तेव्हा स्विलोवाने ते तुकडे गोळा केले आणि त्याला हवे तसे जोडून दिले.

ही गोष्ट सहसा सांगितली जाते ती दयाळू मुलीची गोष्ट म्हणून. त्याच्या कलेला समजून घेणारी पहिली व्यक्ती, पुढे त्याची पत्नी, वगैरे. मला ती वाचताना वेगळं वाटलं. कचऱ्यातले तुकडे बघून त्यांचा क्रम लावता येणं याला दया लागत नाही, नजर लागते. बाराव्या वर्षापासून हजारो फूट फिल्म जिच्या बोटांखालून गेली होती तिला कळलं की हा वेडा माणूस काहीतरी वेगळं मागतो आहे आणि ते करता येण्यासारखं आहे. त्याच्या डोक्यात कल्पना होती हे खरं. ती पट्टीवर उतरू शकते हे तिच्या हातांनी सिद्ध केलं. दोघांचं काम तिथून एकत्र सुरू झालं. १९२२ नंतर व्हेर्तोव्ह, त्याचा भाऊ मिखाईल कॉफमन आणि स्विलोवा अशा तिघांनी ‘तिघांचं मंडळ’ स्थापन करून चित्रपटाबद्दलचे जाहीरनामे काढले. त्या मंडळात ती सहाय्यक नव्हती, तीनपैकी एक होती. ‘किनो-प्रावदा’ हे २३ वार्तापट, ‘जगाचा सहावा हिस्सा’ (१९२६), ‘अकरावं वर्ष’ (१९२८) या सगळ्यांच्या संकलनात ती होती.

आता ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’कडे परत येऊ. चित्रपट सुमारे ६८ मिनिटांचा. त्यात १,७०० हून जास्त तुकडे आहेत. म्हणजे सरासरी एक तुकडा अडीच सेकंदही टिकत नाही, आणि शेवटी शेवटी तर काही चौकटींवर येतो. आज संगणकावर हे सगळं बटण दाबून होतं आणि चुकलं तर मागे जाता येतं. तेव्हा प्रत्येक जोडासाठी पट्टी कापायची, टोकावरचा थर खरवडायचा, चिकटद्रव्य लावायचं, दुसरं टोक अचूक बसवून दाबून धरायचं. असं १,७०० वेळा, तेही पहिला जोड मनासारखा बसला असं धरून. फिल्म नायट्रेटची, चटकन पेट घेणारी. आणि हा झाला फक्त हातांचा भाग. त्याआधी शेकडो रिळांमधला कुठला चेहरा कुठे आहे हे डोक्यात ठेवायचं, बाजाराजवळ यंत्र ठेवलं तर काय होतं आणि यंत्राजवळ झोपलेला माणूस ठेवला तर काय होतं हे बघायचं, न पटलं तर उसवायचं.

कॅरेन पर्लमन या ऑस्ट्रेलियातल्या संकलक आणि अभ्यासक बाईंनी स्विलोवावर २०१६ मध्ये एक लघुपट केला आहे. त्यांचं म्हणणं असं, की संकलन म्हणजे दुसऱ्याच्या डोक्यातला विचार प्रत्यक्षात उतरवणं नव्हे, त्या टेबलावर हात, डोळे आणि फिल्म यांच्यात विचार घडत असतो. ज्यांनी कधी गोधडी शिवली आहे त्यांना हे नव्याने सांगायला नको. तुकडा तुकड्याशेजारी ठेवून बघितल्याशिवाय गोधडी कळत नाही.

जागतिक समीक्षकांच्या ‘साइट अँड साऊंड’ मासिकाने २०१४ साली माहितीपटांचा कौल घेतला, त्यात हा चित्रपट पहिला आला. २०१२ च्या सर्व चित्रपटांच्या कौलात तो आठवा होता, २०२२ मध्ये नववा. प्रत्येक वेळी कौतुक होतं ते प्रामुख्याने जोडणीचं, तिच्या वेगाचं, तिच्या बुद्धीचं. आणि नाव येतं दिग्दर्शकाचं.

इथे मी जरा सावध होते. कारण पुढची वाट सोपी आहे : नवऱ्याने बायकोचं श्रेय लाटलं. आपल्या पानांवर अशी वाक्यं आपण अनेकदा लिहिली आहेत आणि बरेचदा ती खरी होती. इथे तशी सरळ मांडणी करता येत नाही. ज्या काळात चित्रपटात संकलन दिसूच नये अशी रीत पडत होती, त्या काळात याच माणसाने चित्रपट थांबवून, जोडणाऱ्या बाईला पडद्यावर आणून, बघा हे असं होतं, असं दाखवलं. शेवटच्या भागात गाड्या, गर्दी, घड्याळाचा लंबक यांच्या भन्नाट माऱ्यात तिचे डोळे पुन्हा पुन्हा चमकून जातात. तिच्या श्रमाला इतकी जागा तेव्हा दुसऱ्या कुणी दिली असती असं वाटत नाही. आणि तरी नामावलीत शब्द ‘सहाय्यक’च. श्रम पडद्यावर दिसले, कर्तेपण कागदावर आलं नाही. मला ही गोष्ट निव्वळ लबाडीपेक्षा अवघड वाटते, कारण प्रेमाच्या, विचारांच्या, समतेच्या नात्यांमध्येही हा शब्द किती सहज बसतो हे तिच्यात दिसतं.

तुलनेसाठी एस्फीर शुब बघा. तीही त्याच काळात गोस्किनोत संकलक होती. परदेशी चित्रपट सोविएत प्रेक्षकांसाठी कापून-जोडून देणं हे तिचं काम. तिने स्वतःच्या नावावर ‘रोमानोव्ह घराण्याचा अंत’ (१९२७) केला. त्यासाठी सुमारे ६०,००० मीटर जुनी फिल्म तपासली, त्यात झारच्या कुटुंबाचं खाजगी चित्रणही होतं. तिने एकही नवं दृश्य न घेता, केवळ निवडून आणि जोडून चित्रपट उभा केला. म्हणजे जोडणारी बाई कर्ती ठरू शकत होती. पण तिच शुब पुढे १९३० च्या दशकात स्त्रियांवर चित्रपट करू बघत होती. संहिता तयार होती. तो चित्रपट झालाच नाही.

१९३० च्या दशकातच सोविएत सत्तेची हवा बदलली. प्रयोग करणाऱ्यांवर ‘आकारवादी’ असा शिक्का बसू लागला. व्हेर्तोव्हला हळूहळू कामं मिळेनाशी झाली आणि शेवटची दहा वर्षं त्याने नेहमीचे वार्तापट जोडण्यात काढली. याच काळात स्विलोवा स्वतः दिग्दर्शक म्हणून काम करत होती. जानेवारी १९४५ मध्ये लाल सैन्य आउशवित्सच्या छळछावणीत पोचलं, तेव्हा तिथे कॅमेरामन लोकांनी जे टिपलं त्यावरचा १९४५ चा माहितीपट तिच्या दिग्दर्शनाखाली तयार झाला. ‘बर्लिन’ (१९४५) या चित्रपटासाठी तिला स्टालिन पारितोषिक मिळालं. न्यूरेंबर्गच्या खटल्यावरच्या १९४६ च्या चित्रपटात रोमान कार्मेनसोबत ती होती. मढ्यांचे ढीग, मुलांच्या हातांवरचे आकडे, चष्म्यांच्या आणि केसांच्या राशी, हे सगळं तिला चौकटीचौकटीने बघावं लागलं असणार. मी हिंसाचाराच्या केसेसमध्ये काम करते. पंचनाम्यातले फोटो क्रमाने लावायला मला रात्री जागावं लागलेलं आहे, आणि ते दहा-पंधरा फोटो असतात. चपळ बोटं आणि चिकाटी, असं म्हणणाऱ्यांना हे काम कुठल्या खान्यात घालावं ते विचारलं पाहिजे.

व्हेर्तोव्ह १९५४ साली गेला, जवळजवळ विस्मृतीत. स्विलोवा १९५६ मध्ये निवृत्त झाली आणि १९७५ साली गेली. मधली वर्षं तिने काय केलं? त्याचे कागद लावले. रोजनिशा, पत्रं, टिपणं, अर्धवट आराखडे, सगळं जपून, क्रमाने लावून मॉस्कोच्या सरकारी अभिलेखागारात आणि व्हिएन्नाच्या ऑस्ट्रियन फिल्म म्युझियमला पोचवलं. १९६६ मध्ये त्याच्या लेखनाचं पुस्तक निघालं ते या जपणुकीतून. १९७० मध्ये त्याचा ‘लेनिनविषयी तीन गाणी’ पुन्हा उभा करण्याच्या कामात ती होती. आज जगभर विद्यापीठांत व्हेर्तोव्ह शिकवला जातो, तो तिने कपाटात नीट लावून ठेवलेला व्हेर्तोव्ह आहे. तिचं शेवटचं मोठं संकलन म्हणजे तो माणूसच, असं मला वाटतं.

आणि स्वतःचं? स्वतःच्या कामाचं असं कपाट तिने केलं नाही. हे वाचून आमच्या संपादक मंडळात वाद झाला. एकीचं म्हणणं, ही शेवटपर्यंत पत्नीच राहिली, आपण तिला नायिका करू नये. दुसरीचं म्हणणं, तिला नायिका व्हायचं होतं की नाही हे ठरवणाऱ्या आपण कोण? तिने जे काम महत्त्वाचं मानलं ते केलं. मी अजून दोघींच्या मध्ये आहे. तिला या शब्दाबद्दल काय वाटत होतं हे मला तिच्या चेहऱ्यावरून कळत नाही. पडद्यावर ती एकदाही कॅमेऱ्याकडे बघत नाही, तिचं लक्ष पट्टीवर असतं.

आता माझं कारण.

काही वर्षांपूर्वी घरी काम आणणाऱ्या बायकांची एक पाहणी मी केली. धागे कापणं, बटणं लावणं, टिकल्या चिकटवणं, असली कामं. ‘मी केली’ असं मी आता सवयीने लिहिलं. प्रत्यक्षात वस्तीतल्याच दोघीजणींनी दारोदार जाऊन अर्ज भरले. माझी प्रश्नावली पहिल्या आठवड्यातच कोसळली. "दिवसाला किती तास काम करता?" असं विचारलं की सगळ्या म्हणायच्या, "कुठं काय, बसल्या बसल्या करते." त्या दोघींनी आपल्या मनाने प्रश्न बदलला. "काल दिवे लागेपर्यंत किती पीस झाले, आणि जेवणानंतर किती?" असं विचारायला लागल्या. तासांचा हिशेब त्यातून निघाला. पाहणीत कौतुक झालं ते त्याच हिशेबाचं. मला एम.एस.डब्ल्यू.च्या दोन वर्षांत संशोधनपद्धतीच्या तासाला जे जमलं नाही ते त्यांनी गल्लीत उभ्या उभ्या केलं होतं. अहवालाच्या मुखपृष्ठावर नाव माझं. आत आभारांच्या परिच्छेदात एक ओळ : ‘क्षेत्रकार्यासाठी स्थानिक महिलांचे सहाय्य लाभले.’ त्या दोघींपैकी एकीने अहवाल चाळून मला विचारलं होतं, "ताई, यात आम्ही कुठं आहोत?" मी ती ओळ वाचून दाखवली. ती हसली आणि चहा ठेवायला उठली.

मूकपट बघताना पीसचा प्रश्न विचारला तो त्या दुसरीने.

या अंकासोबत तो अहवाल पुन्हा छापत आहोत, कारण प्रती संपल्या आणि मागणी आहे. मी दोघींना भेटून सांगितलं की या वेळी मुखपृष्ठावर तुमचीही नावं येतील, पाहणी आणि प्रश्नावली अशा स्पष्ट शब्दांत. पहिली खूश झाली. आडनाव कुठलं लावायचं, माहेरचं की सासरचं, यावर तिचं दोन दिवस चाललं होतं, शेवटी नुसतं आईचं नाव लावायचं ठरलं. दुसरीने नाही म्हणून सांगितलं. माल देणाऱ्या शेठला कळलं की आपल्या दरांबद्दल हिनेच लिहून दिलं, तर दुसऱ्या दिवसापासून गठ्ठा यायचा बंद होईल, आणि घरात तोच एक नेमाचा पैसा आहे. मी तिला समजावायला गेले नाही. नाव छापलं जाणं हा हक्क आहे असं मी इथे चार पानं लिहू शकते, पण त्या हक्काची किंमत तिला मोजावी लागणार असेल तर माझ्या लिहिण्याला अर्थ नाही. मुखपृष्ठावर तिच्या जागी काय छापावं यावर आम्ही बराच वेळ घालवला. ‘सहाय्य’ हा शब्द वापरायचा नाही एवढं ठरलं. शेवटी ‘आणखी एक पाहणीकर्ती’ असं छापलं आहे, माझ्या नावाच्या वरच्या ओळीत.

मानधनाचाही हिशेब तेव्हा अर्धवट राहिला होता. पुनर्मुद्रणाच्या विक्रीतून येणारी रक्कम तिघींत सारखी वाटायची असं ठरलं आहे.

दिवाळीनंतरच्या बैठकीत तो मूकपट पुन्हा लावणार आहोत. पत्र्याचा आवाज नसेल, तेव्हा मधे थांबवून बोलता येईल. घटस्फोटाच्या कचेरीवरची राहिलेली चर्चा त्यात आहेच. आणि त्या दुसरीने बजावून ठेवलंय की धावता घोडा थांबतो तिथून पुढचा भाग दोनदा दाखवायचा. ती बाई पट्टी कापायच्या आधी नेमकी कुठे बोट ठेवते ते तिला नीट बघायचं आहे.

अंक कसा वाटला ते कळवा. विशेषतः संपादक मंडळातल्या त्या वादावर तुमचं मत काय, ते सविस्तर लिहा. निवडक पत्रं पुढच्या अंकात देऊ, आणि ज्यांना नाव नको असेल त्यांनी तसं स्पष्ट लिहावं.